‘लोकसंतरणपद्धती’: नाटकासाठी रचलेली पोथी आणि सर्वपित्रीची रात्र

गेल्या भाद्रपदात बडोद्यातल्या बऱ्याच मराठी घरांत फोनवर एका पोथीचे फोटो येऊन गेले. पिवळट पानं, काळी शाई, मधूनमधून लाल रेघा, आणि खाली मजकूर: ‘५०० वर्षांपूर्वीचा गुप्त ग्रंथ. चौदा लोकांत जाण्यायेण्याचा मार्ग. पितृपक्षात अवश्य वाचा.’ ग्रंथाचं नाव ‘लोकसंतरणपद्धती’. या नावाचा प्राचीन ग्रंथ नाही. दांडिया बाजारातल्या एका हौशी नाट्यमंडळीनं गणेशोत्सवातल्या प्रयोगासाठी तो रचला होता. फोटो चार दिवस फिरून विरले असते, तर लिहिण्यासारखं काही नव्हतं. पण सर्वपित्री अमावास्येच्या रात्री त्यातला विधी करायला विश्वामित्रीच्या पाण्यात उतरायचं एका काकूंनी पक्कं केलं, आणि त्यांचा भाचा माझ्याकडे आला.

मी जुन्या पोथ्यांच्या याद्या करण्याचं काम करते. संबंधितांना विचारून, त्यांची नावं आणि ओळख पटेल असे तपशील गाळून हे प्रकरण इथे मांडते आहे. कल्पित ग्रंथ रचण्यात काहीही गैर नाही असं मला मनापासून वाटतं. मात्र तो कल्पित असल्याची खूण त्याच्या पानावरच असायला हवी. शेजारी ठेवलेल्या पाटीवर ती असून भागत नाही, हे या प्रकरणानं दाखवून दिलं.

पोथी

नाटकाचं कथानक साधं होतं. जुन्या वाड्यात राहणाऱ्या एका मुलीला आजोबांच्या फडताळात पोथी सापडते आणि तिच्या आधारानं ती आजोबांना शोधत एका लोकातून दुसऱ्या लोकात जाते. रंगमंचावर पोथी दिसायला हवी, नुसतं पुठ्ठ्याचं खोकं चालणार नाही, असा दिग्दर्शकाचा आग्रह होता. मंडळीत संस्कृत शिकणारी एक मुलगी आहे; तिनं श्लोक रचले. नेपथ्य सांभाळणाऱ्या मुलानं पानं तयार केली आणि विधीचा भाग लिहिला.

सोळा सुटी आडवी पानं, वर-खाली लाकडी फळ्या, लाल फडक्यात बांधलेली. कागद स्टेशनरीच्या दुकानातला हातकागद, चहाच्या पाण्यात बुडवून वाळवलेला, कडा मेणबत्तीवर किंचित होरपळलेल्या. लेखन चपट्या निबानं केलेलं. अक्षर सुरेख आहे, इतकं की मीही पहिल्यांदा फोटो मोठा करून पाहिला.

मजकुरात सात लोकांसाठी सात घाट आहेत. प्रत्येक घाटावर एक द्वारपाल एक प्रश्न विचारतो. प्रवाशानं एका हातात दिवा धरायचा आणि मनगटाला सूत बांधायचं. सुताचं दुसरं टोक अलीकडे कुणा जिवंत माणसानं धरून बसायचं. त्या माणसाला पोथीत ‘सूत्रधर’ म्हटलं आहे. तीन गोष्टी वर्ज्य: तिथलं अन्न खायचं नाही, तिसऱ्या घाटानंतर स्वतःचं नाव उच्चारायचं नाही, आणि तिथे कुणाला ‘आज तिथी कोणती’ असं विचारायचं नाही. शेवटी परतीचा मंत्र. पहिल्या पानावरचा श्लोक असा:

न पद्भ्यां गम्यते लोको न नावा न च पक्षिणा ।
स्मृतिदीपं करे कृत्वा पारं याति शनैः पुमान् ॥

पायांनी त्या लोकी जाता येत नाही, नावेनं नाही, पक्ष्याच्या पाठीवर बसूनही नाही. आठवणीचा दिवा हाती घेऊन माणूस हळूहळू पलीकडे पोचतो. अनुष्टुभ छंद अगदी बिनचूक आहे. प्रत्येक चरणात आठ अक्षरं, पाचवं लघू, सहावं गुरू, सातवं विषम चरणांत गुरू आणि सम चरणांत लघू. विशीतल्या मुलीनं हे लिहावं याचं मला कौतुक वाटलं आणि अजूनही वाटतं. जी रचना कच्ची असते ती कुणी जपून ठेवत नाही. ही लोकांनी उतरवून घेतली.

दुसरं असं, की सामग्री परंपरेतलीच होती. सप्तलोक पुराणांतले: भूः, भुवः, स्वः, महः, जनः, तपः, सत्यम्. योगसूत्रांच्या तिसऱ्या पादातलं ‘भुवनज्ञानं सूर्ये संयमात्’ आणि त्यावरच्या व्यासभाष्यातलं लोकांचं तपशीलवार वर्णन तिनं कॉलेजात वाचलेलं होतं. तिथी न विचारण्याचा नियम भागवतातल्या रेवतीच्या गोष्टीवरून घेतलेला. ककुद्मी राजा मुलीसाठी वर विचारायला तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला, गाणं चालू होतं म्हणून जरा थांबला, आणि तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं उलटून गेली. घाटांची कल्पना वैतरणीवरून आली. म्हणजे वाचणाऱ्याला प्रत्येक वळणावर काहीतरी ओळखीचं भेटत होतं, आजीकडून ऐकलेलं, कीर्तनात कानावर पडलेलं. ग्रंथ नवा होता, पण त्यातलं सगळं जुनं होतं.

पसरली कशी

प्रयोगानंतर पोथी मंडपात एका टेबलावर मांडून ठेवली होती. शेजारी स्वच्छ अक्षरात पाटी होती: ‘ही पोथी नाटकासाठी तयार केलेली आहे.’ लोकांनी फोटो काढले ते पानांचे. पाटी चौकटीबाहेर राहिली. पुढे कुणीतरी त्याखाली ‘५०० वर्षं’ हे शब्द जोडले; तो आकडाही हवेतून आला नव्हता, कारण शेवटच्या पानावर शके १४३२ असं लिहिलेलं होतं. अनंत चतुर्दशी झाली की लागलीच पितृपक्ष लागतो. घरोघरी गेलेल्या माणसांची नावं निघण्याचे ते दिवस, आणि त्याच दिवसांत त्यांच्यापर्यंत पोचण्याचा मार्ग सांगणारी पानं फोनवर आली. याहून अचूक मुहूर्त कुणी ठरवूनही साधला नसता.

मग आणखी एक ओळ जोडली गेली: ‘मूळ प्रत प्राच्यविद्या मंदिरात.’ बडोद्यात या ओळीचं वजन वेगळंच. इथे गायकवाड प्राच्य ग्रंथमालेचं पहिलं पुस्तक, राजशेखराची ‘काव्यमीमांसा’, १९१६ साली निघालं. सयाजीराव महाराजांच्या काळात माणसं गावोगाव हिंडून पोथ्या गोळा करत होती. १९२७ साली प्राच्यविद्या मंदिर उभं राहिलं, आणि वाल्मीकी रामायणाची चिकित्सक आवृत्ती याच संस्थेतून १९७५ पर्यंत सात खंडांत पुरी झाली. बडोद्यात एखादी अज्ञात पोथी निघाली म्हटलं, तर ते अशक्य वाटत नाही, आणि वाटूही नये.

पण पोथी मोठ्या ग्रंथालयात असणं आणि ती प्राचीन असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. याचा दाखला बडोद्यापासून लांब नाही. ‘वैमानिक शास्त्र’ या नावाचा ग्रंथ भरद्वाज ऋषींचा म्हणून आजही सांगितला जातो. तो सुब्बराय शास्त्री यांनी १९१८ ते १९२३ या काळात तोंडी सांगितला आणि वेंकटाचल शर्मा यांनी उतरवून घेतला. त्याचं हस्तलिखित १९४४ पर्यंत बडोद्याच्या राजकीय संस्कृत ग्रंथालयात येऊन दाखल झालं होतं. बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या अभ्यासकांनी १९७४ साली त्याची छाननी केली, तेव्हा भाषा आधुनिक ठरली, रचना १९०० नंतरची ठरली, आणि वर्णन केलेली विमानं उडू शकणार नाहीत असा निष्कर्ष निघाला. ग्रंथालयाचा शिक्का पोथी कुठे आहे एवढं सांगतो. ती कधीची आहे हे पोथीलाच विचारावं लागतं.

काकू

काकू रावपुऱ्यात राहतात. नोकरी हिशेब खात्यात झाली, निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली. त्यांचा एकुलता एक मुलगा अपघातात गेला. भाचा त्यांच्याकडे रोज जातो, भाजी-औषधं पाहतो. त्यांनी त्याला सांगितलं, ‘सर्वपित्रीला रात्री माझ्याबरोबर चल, तुला फक्त सूत धरून बसायचंय.’ त्यामुळेच त्याला कळलं. सूत्रधर लागतो असं नेपथ्यवाल्या मुलानं नाटकाच्या सोयीसाठी लिहिलं नसतं, तर काकू एकट्याच गेल्या असत्या.

विधी असा होता: अमावास्येच्या मध्यरात्री नदीत नाभीइतक्या पाण्यात, दक्षिणेकडे तोंड करून, दिवा हातात. विश्वामित्री शहराच्या मधून वाहते आणि तिच्यात मगरी आहेत. २०२४ च्या ऑगस्टातल्या पुरात त्या वस्तीत शिरल्या होत्या हे बडोद्यात लहान मुलालाही ठाऊक आहे. भाद्रपदात पाणी चढलेलं, काठ निसरडे. रंगमंचावर निळ्या कापडाच्या दोन पट्ट्या हलवल्या की नदी होते. लिहिणाऱ्या मुलाच्या डोळ्यांपुढे त्या पट्ट्या होत्या.

भाच्याचं म्हणणं एवढंच होतं: ‘तुम्ही येऊन सांगा, हे खोटं आहे. तुमचं ऐकतील.’

मला ते पुरेसं वाटलं नाही. घरातल्या सगळ्यांनी ते आधीच सांगून झालं होतं, आणि कुणीही ती पानं वाचली नव्हती. काकूंनी वाचली होती. त्यांनी फोटोंच्या रंगीत प्रती काढून घेतल्या होत्या, प्लास्टिकच्या फायलीत लावल्या होत्या, कठीण शब्दांखाली पेन्सिलीनं अर्थ लिहिले होते. ज्यानं वाचलंच नाही त्यानं ‘खोटं’ म्हणावं आणि ज्यानं एवढ्या निगुतीनं वाचलं त्यानं ते मान्य करावं, ही अपेक्षाच चुकीची होती. मी त्यांना म्हटलं, ‘काकू, आपण पहिल्या पानापासून वाचू या का? जशी पोथी वाचतात तशी.’ त्यांनी चष्मा पुसला आणि फाईल पुढे केली.

आम्ही शेवटून सुरुवात केली, कारण पोथीचं वय बहुतेक वेळा शेवटच्या ओळींत, पुष्पिकेत असतं. तिथे लिहिलं होतं: शके १४३२, विलंबी नाम संवत्सरे. दक्षिणेत आणि महाराष्ट्रात संवत्सर, म्हणजे साठ नावांच्या चक्रातलं त्या वर्षाचं नाव, काढायची रीत सोपी आहे. शकात १२ मिळवायचे, ६० नं भागायचं, बाकी उरेल तितकावा संवत्सर. काकूंनी वहीच्या कोपऱ्यात स्वतःच गणित मांडलं. १४४४ भागिले ६०, बाकी ४. प्रभव, विभव, शुक्ल, प्रमोद. शके १४३२ ला प्रमोद येतो. विलंबी बत्तिसावा. उत्तरेकडची मोजणी वेगळी चालते, तिथे नाव काही घरं पुढे सरकतं, पण तिच्यानंही विलंबीपर्यंत पोचत नाही.

‘लिहिणाऱ्याची चूक असेल,’ काकू म्हणाल्या.

त्यांचं म्हणणं रास्त होतं आणि मी तसं सांगितलं. लेखनिक चुकायचेच. ‘यादृशं पुस्तकं दृष्ट्वा तादृशं लिखितं मया’, समोरच्या पुस्तकात जसं दिसलं तसं लिहिलं, मला दोष देऊ नका, असं ते स्वतःच पोथीच्या शेवटी लिहून ठेवत. एका चुकीच्या संवत्सरानं पोथी बाद होत नाही. ती संशयाला जागा देते, एवढंच.

मग आम्ही पानाची ठेवण पाहिली. मी घरून एका जुन्या, सामान्य स्तोत्राच्या पोथीचं पान नेलं होतं. दोन्ही शेजारी ठेवली. जुन्या पानावर शब्द सलग, एकाला एक लागून. कुठे शब्द तुटतो ते वाचणाऱ्यानं जाणायचं. काकूंच्या प्रतीवर प्रत्येक शब्दानंतर मोकळी जागा, छापील पुस्तकासारखी. जुन्या पानाच्या मागच्या बाजूला समासात पानाचा आकडा आणि ग्रंथाचं आखूड नाव. इथे आकडा पुढच्या बाजूला वर मधोमध. जुन्या पानावर एके ठिकाणी चूक हरताळानं झाकलेली, त्यावर पुन्हा लिहिलेलं. इथे सोळा पानांत एकही दुरुस्ती नाही. काकूंनी त्या हरताळाच्या डागावर बोट ठेवलं आणि बराच वेळ तिथेच ठेवलं. हिशेब खात्यात आयुष्य गेलेल्या माणसाला खाडाखोड नसलेली वही कशी वाटते ते त्यांनी मला सांगायची गरज नव्हती.

खरा मुद्दा मात्र अकराव्या पानावर निघाला. तिथे विधी आहे: ‘नद्यां नाभिपर्यंतं जलं प्रवेशः कर्तव्यः.’ इथे ‘जलं’ नव्हे, ‘जले’ हवं. पहिल्या पानावर ज्याची विभक्ती कुठेही चुकत नाही तो माणूस अकराव्या पानावर असं लिहीत नाही. म्हणजे पोथीचे कर्ते दोन. हे व्याकरणाचं झालं. त्याहून मोठी गोष्ट आशयातली. मी काकूंना पहिला श्लोक पुन्हा वाचायला सांगितलं. त्यांनी मोठ्यानं वाचला, अर्थ सांगितला: पायांनी नाही, नावेनं नाही. मग मी विचारलं, ‘आणि अकराव्या पानावर कशानं जायला सांगितलंय?’

‘पायांनी,’ त्या म्हणाल्या. ‘पाण्यात.’

हे मी तेव्हा मुद्दाम शोधून काढलं नव्हतं. दोन पानं एकामागोमाग वाचली की दिसतंच. जुन्या ग्रंथांच्या चिकित्सेत भर पडलेला भाग ओळखायची हीच रीत आहे: भाषा बदलते, आणि ग्रंथ स्वतःच्याच म्हणण्याला छेद देऊ लागतो. काकू ‘बरोबर’ म्हणाल्या नाहीत. ‘मग मला आधीचं कुणी लिहिलं ते पाहायचंय,’ असं म्हणाल्या.

वही

दुसऱ्या दिवशी ती मुलगी आली. घाबरलेली होती, वाटेत मला विचारत होती की काकू ओरडतील का. तिनं मूळ पोथी आणली होती आणि मी सांगितल्याप्रमाणे श्लोक रचतानाची कच्ची वहीसुद्धा. प्रकरणाचा निकाल लागला तो या वहीमुळे. माझ्या संवत्सराच्या गणितानं तो लागला नसता, असं मला वाटतं.

वहीत तो श्लोक सात-आठ वेळा खोडलेला आहे. शेवटचा चरण आधी ‘पारं गच्छति पण्डितः’ असा होता. तोही छंदात बसतो. समासात ‘पण्डितः नको’ असं मराठीत लिहिलेलं, दोनदा अधोरेखित. मग ‘शनैः पुमान्’. विलंबी संवत्सर कुठून आला तेही तिथेच सापडलं: माळ्यावरचं २०१८ चं पंचांग तिनं समोर ठेवलं होतं, शके १९४० चं, आणि त्यावरचं नाव कानाला गूढ वाटलं म्हणून उचललं.

काकूंनी विचारलं, ‘पण्डितः का काढलंस?’

मुलीचे आजोबा २०२१ च्या एप्रिलात करोनानं गेले. दवाखान्यातून थेट स्मशानात. घरातल्या कुणालाही जवळ जाता आलं नाही. आजोबा शिकलेले नव्हते. आणि गुडघ्यांमुळे फार हळू चालायचे. पलीकडे फक्त पंडित पोचणार असतील तर आजोबांचं काय, असा प्रश्न लिहिता लिहिता तिला पडला, म्हणून तिनं ‘हळूहळू जाणारा माणूस’ केला. हे सांगताना ती रडली नाही, भराभर बोलली.

काकूंनी वही जवळ ओढून घेतली आणि तो श्लोक तिथे, तिच्या अक्षरात, खाडाखोडीसकट वाचला. मग म्हणाल्या, ‘माझा फार जोरात चालायचा.’ मुलाबद्दल त्या इतरांपुढे बोलल्या असं त्या घरात बऱ्याच दिवसांनी घडलं, असं भाच्यानं नंतर सांगितलं.

मी पोथ्यांचं काम करते, समुपदेशनाचं नाही. शोकात बुडालेल्या माणसाला काय द्यावं हे सांगायचा मला अधिकार नाही. भाच्याला मी एका जाणत्या डॉक्टरांकडे जायला सुचवलं आणि ते गेलेही. पण ग्रंथापुरतं एक करण्यासारखं होतं, ते केलं. काकूंचा प्रश्न खरा होता आणि परंपरेत तो नवा नाही. त्यावर काय लिहिलं गेलं आहे ते त्यांना ठाऊक असावं, असं मला वाटलं.

लोकांतराचे मार्ग छांदोग्य उपनिषदात आहेत. पाचव्या अध्यायात देवयान आणि पितृयाण दोन्ही टप्प्याटप्प्यानं येतात. एकात अर्ची, दिवस, शुक्लपक्ष, उत्तरायणाचे सहा महिने. दुसऱ्यात धूम, रात्र, कृष्णपक्ष, दक्षिणायन, पितृलोक, आकाश, चंद्र. पण ते गेलेल्यांचे मार्ग आहेत. नचिकेता यमाच्या दारी जातो तो बापाच्या तोंडून शब्द गेला म्हणून. मंत्रशास्त्राच्या पोथ्यांत सिद्धीचे प्रयोग असतात हे मी काकूंपासून लपवलं नाही. तिथेही गुरू आणि दीक्षा लागते, फोनवर आलेल्या पानावरून तो प्रयोग कुणी करत नाही.

काकूंना देण्यासारखी गोष्ट होती ती योगवासिष्ठातली लीलेची. लीला राणी, पती राजा पद्म. तो आपल्या आधी गेला तर त्याचा जीव याच दालनात राहावा असा वर ती सरस्वतीकडे मागून ठेवते. पद्म मरतो. लीला त्याचं शरीर फुलांनी झाकते आणि सरस्वतीबरोबर त्याला शोधायला निघते. तो दुसऱ्या जगात विदूरथ नावाचा राजा होऊन राज्य करतो आहे. पुढे कळतं की ते दोघं त्याआधी एक ब्राह्मण जोडपं होते, त्याला जाऊन अवघे आठ दिवस झाले आहेत, आणि पद्माचं अख्खं राज्य त्या ब्राह्मणाच्या घरातल्या जागेत मावलेलं आहे. लीला सगळी जगं हिंडते, पण शरीर दालनातच मागे ठेवून. नदी नाही, सूत नाही. सरस्वती तिला वाट दाखवते ती प्रश्न विचारत, समजावत.

मराठी भाषांतर काकूंना आणून दिलं. पहिल्याच बैठकीत त्यांनी मला अडवलं: ‘पण तिला तो परत मिळतो. पद्म उठून बसतो.’ हो, उठून बसतो. कथेत तसंच आहे आणि त्याला मी गुळगुळीत उत्तर दिलं नाही. पुढे वाचत राहिलो.

सर्वपित्रीला काकूंनी घरी नेहमीसारखं श्राद्ध केलं. भाचा रात्री त्यांच्याकडेच झोपायला राहिला, दाराची किल्ली स्वतःजवळ ठेवून. त्या कुठे गेल्या नाहीत.

नंतर

मंडळीच्या बैठकीत ज्येष्ठांचं मत होतं की पोथी विसर्जित करावी आणि विषय संपवावा. मी त्याला कडाडून विरोध केला. पोथी नाहीशी झाली असती तर फोनवरचे फोटो तेवढे उरले असते, आणि ते खोटे ठरवायला हातात काही राहिलं नसतं. उद्या कुणी विचारलं असतं, मूळ कुठे आहे, तर ‘नष्ट केलं’ हे उत्तर गूढ वाढवणारंच ठरलं असतं. पोथी आणि कच्ची वही एकत्र ठेवायची, हे शेवटी मान्य झालं.

पानं नव्यानं लिहिली गेली. विधीचा भाग नेपथ्यवाल्या मुलानं स्वतःहून काढला. नव्या प्रयोगात नायिका वाड्याच्या ओसरीवर बसते आणि नदी फक्त शब्दांत येते. जुन्या पोथीत ग्रंथाचं आखूड नाव जिथे असतं त्या समासात, प्रत्येक पानावर, ‘लो. सं. (नाटक)’ असं लिहिलं आहे. मजकुराला इतकं चिकटून की ते कापायला गेलं तर ओळीही कापल्या जातात. आणि पुष्पिका मुलीनं बदलली: ‘शके १९४७ विश्वावसुनाम्नि संवत्सरे वटपद्रनगरे नाट्यार्थं कल्पितेयं पद्धतिः, न प्राचीना.’ बडोद्यात नाटकासाठी रचलेली आहे, प्राचीन नाही. संवत्सर काकूंनी तपासून दिला: १९५९ भागिले ६०, बाकी ३९, विश्वावसू.

पहिला श्लोक होता तसाच आहे. त्याला हात लावायचं कुणाच्याही मनात आलं नाही.

जुने फोटो मात्र थांबलेले नाहीत. हिंदीतला मजकूर जोडून ते परराज्यात गेले आहेत, एका प्रतीत शके १४३२ चे शके ४३२ झाले आहेत, आणि मंडळीला अधूनमधून खरेदीची विचारणा होते. मध्यंतरी इंदूरहून एकानं किंमत सांगा म्हणून फोन केला. ‘खोटं आहे’ असं आता कुणी उत्तर देत नाही. वहीतल्या त्या खाडाखोडीच्या पानाचा फोटो पाठवतात, समासातल्या ‘पण्डितः नको’सकट, आणि सोबत मुलीची परवानगी घेऊन दोन ओळी: हा श्लोक कुणी, कधी आणि कुणासाठी लिहिला. इंदूरच्या गृहस्थांनी त्यावर पोथीची किंमत पुन्हा विचारली नाही. श्लोकाची प्रत मिळेल का, एवढं विचारलं, आणि ती त्यांना पाठवली आहे.